आमदारकीची तयारी करू का, असं विचारणाऱ्या नगरसेविकेला

एका नगरसेविकेचं पत्र आलं आहे. थोडक्यात असं:

‘मी मराठवाड्यातल्या एका तालुक्याच्या गावात नगरसेविका आहे. २०१६ ला जागा महिलांसाठी राखीव सुटली म्हणून घरच्यांनी उभं केलं आणि निवडून आले. २०२१ संपता संपता मुदत संपली, प्रशासक आला. पुढची चार वर्षं पद नव्हतं, पण लोकांचे फोन थांबले नाहीत, मीही उचलायची थांबले नाही. डिसेंबर २०२५ मध्ये पुन्हा निवडून आले, मतंही वाढली. आता पक्षाचे जिल्ह्यातले नेते म्हणतात, “वहिनी, २०२९ ची तयारी करा.” दुसऱ्या पक्षाचा निरोप आलाय की आत्ता आमच्याकडे या, तिकीट पक्कं. ह्यांना फार उत्साह आलाय, दोन एकर काढू म्हणतात. मुलगी अकरावीत आहे. गावात पस्तीसेक हजार मतदार, बाकी सगळी खेडी. वॉर्डातल्या बायका विचारतात, ताई, तुम्ही मुंबईला गेल्यावर आमच्या नळाचं कोण बघणार? मला जावंसं वाटतं आणि भीतीही वाटते. काय करू?’

ताई, नमस्कार.

पत्र दोनदा वाचलं. सोबत तुम्ही वहीच्या एका पानाचा फोटो पाठवलात, तो मात्र किती वेळा पाहिला याची गणती नाही. दोनशे पानी वही, समास लाल, अक्षर घाईचं. ‘खालची गल्ली. आठव्या दिवशी पाणी. ५.४० ते ६.०५. शेवटची तीन घरं कोरडी. चावी अर्धीच उघडली.’ खाली वेगळ्या शाईत, ‘चावीवाल्याशी बोलले. म्हणतो, पूर्ण उघडली तर वरच्या आळीला चढत नाही.’

मी बावीस वर्षं तालुक्याच्या गावांत राहून नगरपालिकेच्या बातम्या केल्या. सभेत जोरात बोलणारे पुष्कळ पाहिले, पाण्याची मिनिटं लिहून ठेवणारे चार-दोनच. तुम्हाला काय सांगायचं ते मला त्या पानावरच सापडलं, म्हणून तिथूनच बोलते.

चावीवाला खरं बोलतोय. शेवटच्या तीन घरांना पाणी नाही, कारण जुनी लाइन बारीक आहे आणि टाकी पुरत नाही. नवी टाकी, नवी लाइन म्हणजे नवी योजना. तिच्या आराखड्याला तांत्रिक मान्यता लागते, ती जीवन प्राधिकरणाची. प्रशासकीय मान्यता आणि पैसा येतो नगरविकास खात्याकडून. पालिका चालवणारा मुख्याधिकारी सरकारचा माणूस, त्याची बदलीही सरकार करतं. तुम्ही सभागृहात ठराव एकमताने केलात तरी नगरपरिषद कायद्याच्या कलम ३०८ खाली तो जिल्हाधिकाऱ्यांकडे जाऊन थांबू शकतो. पालिकांना घटनेत जागा देणारी ७४वी घटनादुरुस्ती १९९३ मध्ये लागू झाली, बाराव्या अनुसूचीत, म्हणजे पालिकांच्या कामांच्या यादीत, पाणीपुरवठ्यासकट १८ विषय आले. पण त्यातलं काय, किती आणि कशा पैशासकट पालिकेला द्यायचं हे ठरवण्याचा अधिकार राज्याच्याच हातात राहिला. तुमची वही जिथे संपते तिथून पुढचा निर्णय मुंबईत होतो. हे तुम्हाला दहा वर्षांत कळलं आहे, आणि जावंसं वाटण्याचं मूळ तिथेच असेल तर ते वाटणं खरं आहे. त्याची लाज धरू नका. महत्त्वाकांक्षा बाईने बोलून दाखवली की आपल्याकडे लगेच भुवया उंचावतात. पुरुषाला मात्र त्याच गोष्टीसाठी शाबासकी मिळते.

मूळ दुसरीकडे असेल, म्हणजे नेते म्हणाले म्हणून, ह्यांना उत्साह आहे म्हणून, पुढची पायरी ती म्हणून, तर मात्र थांबा. आमदारकी ही नगरसेवकपदाची बढती नाही, काम वेगळं आहे. मी वाकून सांगेन, पण सांगेन हेच.

काम कसं वेगळं? नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात मी पत्रकार कक्षात बसायचे. एका वर्षी पहिल्यांदाच निवडून आलेले एक आमदार होते, त्याआधी नगरसेवक म्हणून पंधरा वर्षं काढलेले. माणूस सरळ, रोज सकाळी आमदार निवासाच्या खोलीबाहेर त्यांच्या गावचे तीस-चाळीस लोक. बदलीचं पत्र, दवाखान्याची चिठ्ठी, पोलीस ठाण्यात फोन. ते प्रत्येकाचं ऐकायचे, प्रत्येकाला लेटरहेडवर सही द्यायचे. सभागृहात पोचायचे तेव्हा प्रश्नोत्तराचा तास उलटलेला असायचा. अधिवेशन संपलं तेव्हा त्यांच्या नावावर एकही तारांकित प्रश्न, म्हणजे मंत्र्याला सभागृहात तोंडी उत्तर द्यावं लागतं असा प्रश्न, नव्हता, तातडीच्या विषयाकडे मंत्र्याचं लक्ष ओढणारी लक्षवेधी नव्हती. पुरवणी मागण्या, म्हणजे अर्थसंकल्पानंतरच्या जादा खर्चाच्या मागण्या, आल्या, मंजूर झाल्या, आणि त्यांत त्यांच्या गावच्या योजनेला काही आहे का हे त्यांनी पाहिलेलं नव्हतं. ते आळशी नव्हते. नगरसेवकाचंच काम मोठ्या प्रमाणात करत राहिले आणि त्यातच बुडाले.

तुम्ही असंच करण्याचा धोका सगळ्यात जास्त आहे, कारण तुम्ही फोन उचलता. म्हणून आत्ताच एक करा. विधिमंडळाचं कामकाज आता थेट दाखवतात. येत्या अधिवेशनात एक प्रश्नोत्तराचा तास पहिल्यापासून शेवटपर्यंत बघा, वही घेऊन. मंत्री कोणत्या प्रश्नाला ‘माहिती घेऊन सांगतो’ म्हणतात आणि कोणत्या प्रश्नाला आकडा द्यावाच लागतो, हे टिपा. मग तुमच्या त्या तीन कोरड्या घरांचा प्रश्न तारांकित प्रश्नाच्या भाषेत लिहून पाहा. तो लिहिताना मजा आली, तर तुम्ही तिथल्या आहात. कंटाळा आला, तर तेही प्रामाणिक उत्तर आहे आणि त्यात कमीपणा नाही. चांगला नगरसेवक ही गावाला चांगल्या आमदाराइतकीच दुर्मिळ मिळणारी गोष्ट आहे.

आता गणित. नगरसेवकपदावरून विधानसभेत गेलेल्यांची नावं नेते तुम्हाला सांगतीलच. देवेंद्र फडणवीस १९९२ मध्ये नागपूर महापालिकेत निवडून आले, १९९९ मध्ये आमदार झाले. एकनाथ शिंदे १९९७ मध्ये ठाण्याचे नगरसेवक, २००४ मध्ये आमदार. छगन भुजबळ १९७३ मध्ये मुंबईचे नगरसेवक, १९८५ मध्ये आमदार. पुण्याच्या माधुरी मिसाळ २००७ मध्ये नगरसेविका आणि दोनच वर्षांनी पर्वतीच्या आमदार. नावं खरी आहेत, पण ही सगळी महानगरं आहेत. तिथे विधानसभेचा मतदारसंघ म्हणजे एकमेकांना चिकटलेले प्रभागच. इकडच्या प्रभागातला माणूस तिकडच्या प्रभागात भाजी आणायला जातो, त्यामुळे नाव आपोआप पसरतं.

तुमचं तसं नाही. २०२४ च्या विधानसभेला राज्यात ९ कोटी ७० लाख मतदार होते. २८८ जागांनी भागलं की एका मतदारसंघाला सरासरी ३ लाख ३७ हजार येतात. तुमच्या अख्ख्या गावाचे पस्तीस हजार, म्हणजे दहातला एक. उरलेले नऊ खेड्यांत राहतात, आणि तुमच्या नळाशी त्यांचं काही देणंघेणं नाही. त्यांचा प्रश्न सोयाबीनचा भाव, पीकविम्याचे पैसे, रोहित्र जळलं तर किती दिवसांनी बदलतात, सोसायटीचं कर्ज कुणाला मिळतं आणि कुणाला नाही. तिथली माणसं बाजार समिती, विकास सोसायटी, जिल्हा बँक, जिल्हा परिषदेचा गट अशा धाग्यांनी बांधलेली असतात, आणि ते धागे कोणाच्या हातात आहेत हे तुम्हाला ठाऊक नाही. तुम्ही बांधावर कधी गेलाय का, हे मी विचारत नाही, शेती तुमची आहेच. पण दुसऱ्याच्या गावातल्या पारावर नगरसेविका म्हणून गेलात तर लोक आधी विचारतील, ‘तुमचं इकडं काय काम?’ त्याचं उत्तर तयार व्हायला तीन वर्षं लागतात. सुदैवाने २०२९ पर्यंत तेवढी तुमच्या हातात आहेत.

आणखी एक गोष्ट, जी तुमचे नेते कदाचित बोलणार नाहीत. तुमची पहिली निवडणूक राखीव जागेवर झाली. २०११ पासून आपल्या राज्यात स्थानिक संस्थांत निम्म्या जागा बायकांच्या. विधानसभेत आज तसं नाही. तिथे राखीव आहेत त्या २९ जागा अनुसूचित जातींच्या आणि २५ अनुसूचित जमातींच्या, बाकी सगळ्या खुल्या. २०२३ मध्ये महिलांच्या एक तृतीयांश जागांची १०६वी घटनादुरुस्ती झाली, पण ती जनगणना आणि मतदारसंघ फेररचनेला बांधलेली. तिच्या भरवशावर आपलं गणित मांडू नका. २०२४ मध्ये २८८ पैकी बायका निवडून आल्या अवघ्या २१. पालिकेच्या सभागृहात तुमच्या डावी-उजवीकडे बायका बसतात, इथे तिकिटाच्या बैठकीत कदाचित तुम्ही एकट्याच असाल. त्या खोलीत ह्यांना तुमच्याऐवजी बसू देऊ नका. तुमचे यजमान चांगले असतील, पत्रावरून वाटतातच. पण आजही पालिकेच्या बैठकीत कुणी ‘साहेबांना विचारून सांगा’ म्हणत असेल तर ते आधी थांबवा. सभागृहात तुमच्या नावाचा पुकारा झाल्यावर मागे वळून कुणाकडे पाहता येत नाही.

दुसऱ्या पक्षाच्या निरोपाबद्दल माझं मत स्पष्ट आहे. जाऊ नका. निष्ठेच्या गोष्टी क्षणभर बाजूला ठेवू, आधी कायदा बघा. तुम्ही पक्षाच्या चिन्हावर निवडून आलात. स्थानिक संस्थांतल्या पक्षांतराला आपल्याकडे १९८६ चा वेगळा अनर्हता कायदा आहे. स्वेच्छेने पक्ष सोडलात किंवा पक्षादेश मोडून मत दिलंत, तर जिल्हाधिकाऱ्यांकडे तक्रार होते आणि आजचं पदही जाऊ शकतं. म्हणजे तीन-साडेतीन वर्षांनंतरच्या तिकिटाच्या शब्दापायी हातातली पाच वर्षं डावाला लागतात. आणि तो शब्द कुणाचा? निरोप आणणाऱ्याचा. तिकीट देणारा वेगळा असतो. तुम्हाला बोलावण्यामागे तुम्ही हव्या आहात की पालिकेतलं एक मत हवं आहे, हे तुम्ही माझ्यापेक्षा चांगलं ओळखाल.

तिकीट पक्कं या शब्दाचा अर्थ मी एकदा डोळ्यांनी पाहिला आहे. माझी एक मैत्रीण, नगरसेविका, तीन वर्षं एका पक्षाने तिला ‘तूच’ म्हणून फिरवलं. अर्ज भरायचा शेवटचा दिवस. तहसील कचेरीच्या आवारात आम्ही अकरापासून चिंचेखाली उभ्या. तिच्या हातात प्लास्टिकची फाइल, त्यात अर्ज, शपथपत्र, अनामतीची पावती. एबी फॉर्म, म्हणजे पक्षाचा अधिकृत उमेदवार असल्याचा कागद, तेवढा यायचा होता. ‘निघालाय, रस्त्यात आहे’ असं दर अर्ध्या तासाला फोनवर कळत होतं. एक वाजून वीस मिनिटांनी दुसराच उमेदवार गाडीतून उतरला आणि त्याच्या माणसाच्या हातात तो फॉर्म होता. मैत्रीण काही बोलली नाही, अपक्ष भरते म्हणाली. पण मान्यताप्राप्त पक्षाच्या उमेदवाराला सूचक, म्हणजे नाव सुचवून अर्जावर सही करणारा, एक चालतो, अपक्षाला दहा लागतात, आणि तेही त्याच मतदारसंघातले मतदार. तिच्या अर्जावर सही एकाची. उरलेल्या नऊ जणांसाठी आम्ही बाजारपेठेत धावलो. एक रसवंतीवाला, दोन वकील, फळगाड्यावरची मावशी. मावशीला यादीतला अनुक्रमांक ठाऊक नव्हता, तो शोधण्यात अकरा मिनिटं गेली. तीन वाजता दार बंद होतं, आम्ही पावणेतीनला आत शिरलो. अर्ज टिकला, ती लढली, आणि हरली. वैध मतांच्या एक षष्ठांश मतं पडली नाहीत म्हणून १० हजारांची अनामतही गेली. अनामतीचं काय, तिने घर गहाण टाकलं होतं. ते सोडवायला तिला सहा वर्षं लागली आणि त्या सहा वर्षांत ती पुन्हा पालिकेलाही उभी राहिली नाही. ज्या गावाला तिची गरज होती, त्या गावाने तिला असं गमावलं. मला आजही त्याचा राग येतो.

म्हणून तुमच्या दोन एकरांबद्दल बोलते. विकू नका. विधानसभेच्या उमेदवाराला खर्चाची मर्यादा आपल्या राज्यात ४० लाखांची आहे, २०२२ पासून. खर्चासाठी बँकेत वेगळं खातं काढावं लागतं आणि निकालानंतर ३० दिवसांत पै-पैचा हिशेब द्यावा लागतो. नाही दिला तर तीन वर्षांपर्यंत निवडणूक लढवता येत नाही. मर्यादेपलीकडे लोक काय करतात ते आपण दोघी पाहतो. पण जमीन विकून निवडणूक लढणारा माणूस निवडून आल्यावर ती जमीन परत मिळवायच्या मागे लागतो, आणि तिथून पुढे त्याला कंत्राटदाराच्या तोंडाकडे पाहावं लागतं. तुमच्या वहीत पाण्याची मिनिटं आहेत, टक्केवारी नाही. ती वही तशीच राहू द्यायची असेल तर कर्ज नको. ह्यांना माझ्या नावाने सांगा, की पक्षाला तुम्ही खरंच हव्या असाल तर पैशाची जुळणी हा पक्षाच्या बैठकीतला विषय आहे, तुमच्या सातबाऱ्यावरचा नाही. ही अट नेत्यांपुढे आत्ताच ठेवा. त्यावर ते गप्प झाले तर तुम्हाला २०२९ चं उत्तर आजच मिळालं, तेही फुकट.

वॉर्डातल्या बायकांचा प्रश्न मात्र मला सगळ्यात जड वाटतो. तुम्ही तो पत्रात शेवटी लिहिलात, तरी भीतीचं मूळ तिथेच असावं.

मृणाल गोरेंचं नाव तुम्ही ऐकलं असेल. १९६१ मध्ये त्या मुंबई महापालिकेत निवडून आल्या आणि गोरेगावच्या पाण्यासाठी अशा झटल्या की लोक त्यांना पाणीवाली बाई म्हणू लागले. १९७२ मध्ये विधानसभेत गेल्या, १९७७ मध्ये लोकसभेत. त्या निवडणुकीतली ‘पाणीवाली बाई दिल्लीत, दिल्लीवाली बाई पाण्यात’ ही घोषणा आजही म्हाताऱ्या माणसांच्या तोंडात आहे. मला त्यांच्या वाटचालीत एक गोष्ट फार मोलाची वाटते. त्या गेल्या तिथे पाण्यावरच अडकून राहिल्या नाहीत. पुढे पुन्हा आमदार असताना गर्भलिंगनिदानाविरुद्धचा मुद्दा त्यांनी लावून धरला. महाराष्ट्राने १९८८ मध्ये त्यावर कायदा केला, देशाचा कायदा त्यानंतर सहा वर्षांनी आला. गोरेगावच्या चाळीत बायकांच्या रांगेत उभं राहून जी नजर कमावली तीच त्यांनी सभागृहात वापरली, प्रश्न मात्र तिथला घेतला. आणि पालिकेत पाऊल ठेवल्यापासून विधानसभेपर्यंत त्यांची ११ वर्षं गेली. तुमची २०१६ पासून मोजली तर २०२९ ला तेरा होतील. घाई केली असं कुणी म्हणू शकणार नाही.

पण ‘आमच्या नळाचं कोण बघणार’ याला ‘मी वरून बघेन’ हे उत्तर देऊ नका. ते खोटं ठरतं. पाच-सहाशे मैलांचा जाऊन-येऊन प्रवास, अर्थसंकल्पी आणि पावसाळी अधिवेशन मुंबईत, हिवाळी नागपूरला, उरलेल्या दिवसांत शंभरावर गावांची लग्नं, मयतं, सप्ते. पहाटे ५.४० ला खालच्या गल्लीत तुम्ही उभ्या राहू शकणार नाही. हे त्या बायकांना आत्ताच, त्यांच्या ओट्यावर बसून सांगा. आणि वही त्यांच्या हातात द्या. तुम्ही लिहिलंय की दोघी-तिघी रोज वेळ सांगायला फोन करतात. त्यांनाच लिहायला लावा. त्यातली एखादी पुढच्या वेळी तुमच्या जागी उभी राहील, आणि तिला उभं करायला तुम्ही झटलात तर त्या गल्लीला तुम्ही सोडून गेलात असं कधीच वाटणार नाही. प्रभागात जागा दोन आहेत, दुसऱ्या जागेवरचे तुमचे सहकारी विरोधी पक्षाचे असले तरी पाण्याच्या बाबतीत त्यांनाही या वहीची सवय लावा. त्यात राजकारणाचा तोटा काही नाही.

मधल्या वर्षांत करायचं एक काम आणखी आहे, ते नेते सुचवणार नाहीत कारण त्यात फोटो निघत नाहीत. जिल्हा नियोजन समिती. तिच्यावर पालिका आणि जिल्हा परिषदेच्या सदस्यांतून माणसं निवडून जातात. जमेल तर तिथे जा. पालकमंत्र्यांसमोर जिल्ह्याचा पैसा कसा वाटला जातो, कोणाच्या गावाला पूल आणि कोणाला आश्वासन, हे तिथे एका टेबलावर दिसतं. आमदाराचा स्थानिक विकास निधी वर्षाला ५ कोटी, आणि लोक समजतात आमदार त्यातूनच सगळं करतो. शंभर गावांत वाटला तर गावाला पाच लाख, एका सभामंडपाचेही पूर्ण होत नाहीत. खरा पैसा खात्यांच्या अर्थसंकल्पात असतो आणि तो ओढून आणायला वाचावं लागतं. तुम्ही वाचणाऱ्या आहात. पालिकेचं अंदाजपत्रक तुम्ही पानापानाने तपासता हे पत्रात ओझरतं लिहिलंय, ते मी नीट वाचलं.

विधान परिषदेचाही विचार कुणी डोक्यात घातला असेल. ७८ पैकी २२ जागा स्थानिक संस्थांच्या आहेत, मतदार तुमच्यासारखे नगरसेवक आणि जिल्हा परिषद सदस्य. तिथे उमेदवारी मागू नका असं माझं आत्ताचं म्हणणं आहे. त्या निवडणुकीत तुम्ही मतदार आहात, आणि मत मागायला येणारे काय काय घेऊन येतात ते येईल तेव्हा तुम्हाला दिसेल. त्यांना रिकाम्या हाताने परत पाठवा.

मग माझं उत्तर काय? जा, ताई. पण तिकिटाच्या मागे नको, गावांच्या मागे जा. महिन्याला चार खेडी घ्या, सोबत झेंडा नको, गाड्यांचा ताफा नको, कापड दुकानाच्या पिशवीत एक नवी वही. प्रत्येक गावात एकाच गोष्टीची मिनिटं मोजा, कुठे रोहित्राचे दिवस, कुठे एसटीच्या फेऱ्या, कुठे आरोग्य उपकेंद्राचं दार किती वाजता उघडतं. तीसेक महिन्यांत मतदारसंघातलं एकही गाव राहणार नाही. २०२८ च्या दिवाळीला ती वही समोर घेऊन बसा आणि ठरवा. तेव्हा पक्षाने तिकीट दिलं तर उत्तम. नाही दिलं तर अपक्ष उभं राहायचं की नाही हे तुम्हाला त्या वहीतून कळेल, नेत्यांच्या चेहऱ्यावरून वाचावं लागणार नाही. अपक्ष निवडून आलात तर नंतर कोणत्याही पक्षात जाता येत नाही, गेलात तर आमदारकी जाते, हेही लक्षात असू द्या. आणि अर्ज भरायला जाल तेव्हा पक्षाचा फॉर्म हातात असला तरी दहा सूचकांच्या सह्यांचा दुसरा अर्ज फाइलमध्ये तयार ठेवा. एका उमेदवाराला चार अर्जांपर्यंत भरता येतात. यादीतले अनुक्रमांक आदल्या रात्री काढून ठेवा.

मुलीची बारावी पुढच्या वर्षी येते. त्या वर्षी जानेवारी ते मार्च खेडी बंद ठेवा, कुणी काही म्हणो. तिला तुमची वही दाखवली आहे का? दाखवली नसेल तर दाखवा. आणि पहिल्या महिन्याच्या चार गावांपैकी एक तरी नदीपलीकडचं घ्या, जिथे तुम्हाला कुणी ओळखत नाही. तिथे पारावर काय विचारलं ते मला कळवा.